पुसलेला चेहरा

लेकीच्या, शर्वरीच्या तेराव्याला हार घालायला फोटो हवा होता. दिगंबररावांनी स्टुडिओवाल्यापुढे फोन धरला. शालू होता, मुंडावळ्या होत्या. चेहऱ्याच्या जागी मात्र पांढरा डाग.

“काका, ताईंनी चेहरा दाखवायची संमती काढून घेतली होती,” तो हळूच म्हणाला. “मग जगातल्या प्रत्येक फोटोतून चेहरा जातो. परत द्यायची तर त्यांनीच.”

दिगंबररावांना ते ठाऊक होतं. नवऱ्यानं तिचा खासगी व्हिडिओ गावभर केला, तेव्हा रडणाऱ्या लेकीशेजारी बसून त्यांनीच बजावलं होतं, “एकही ठेवू नकोस. सगळं पूस.”

त्यांनी फोन खिशात ठेवला. मग टोपी काढून कॅमेऱ्यासमोर बसले.

“माझाच काढा. पोरगी बापावर गेलीय म्हणायचे सगळे. मिशा तेवढ्या पुसा.”