अँडीजची टाचणी

रंगाऱ्याने पुट्टी कालवायला घेतली आणि भिंतीवरचा जगाचा नकाशा तेवढा उतरवून ठेवा म्हणून सांगितलं, तेव्हा तिचा जीव उगाचच वरखाली झाला. नवरा कायमचा घरी येऊन आठवडा झाला होता. स्वयंपाकघराला नवा रंग ही त्याचीच हौस. तो लगेच खुर्चीवर चढलासुद्धा.

नवरा बोगदे खणणाऱ्या कंपनीत होता. कंपनी त्याला हलवेल तशी ती नकाशावर एक लाल टाचणी हलवायची. आधी आल्प्स, युरोपच्या मधोमध. मग कॉकेशस, दोन समुद्रांच्या बेचक्यात. मग ॲटलस, आफ्रिकेच्या उत्तरेला. शेवटी अँडीज, दक्षिण अमेरिकेच्या पश्चिम काठाला वरपासून खालपर्यंत. शाळेत भूगोलाच्या नावाने बोंब होती, पण आता वहिनी झोपेतही डोंगर दाखवील, असं नणंद चिडवायची. वर ‘दुरून डोंगर साजरे’ हेही ऐकवायची. तिला ते झोंबायचं. रोज संध्याकाळी भाजी चिरताना ती टाचणीकडे बघायची आणि मनाशी म्हणायची, आत्ता त्याच्या खिडकीत बर्फ असेल, शिखरावर ऊन असेल. फोनवर विचारायचं मात्र राहूनच जायचं. गळका नळ, लेकीची परीक्षा, सासूबाईंचे गुडघे, एवढ्यातच बोलणं संपायचं.

आज तिने विचारलं. “यातला सगळ्यात देखणा कोणता हो?”

तो नकाशाचा कोपरा सोडवता सोडवता थांबला.

“कुणास ठाऊक. मी आत असायचो.”

मग जरा ओशाळून त्याने सांगितलं, की उजाडायच्या आधी आत शिरायचं आणि अंधार पडल्यावर बाहेर यायचं. खोलीच्या खिडकीसमोर खणून काढलेल्या दगडांचा ढीग. आतून सगळे डोंगर सारखेच, काळे आणि ओले.

तिला आधी हसू आलं. मग वाईट वाटलं. इतकी वर्षं ते डोंगर ती एकटीच बघत होती.

नकाशा उतरला, तशी मागच्या गिलाव्यात टाचणीची भोकं दिसली. वरची तीन अगदी बारीक. खालचं, अँडीजचं, मात्र करंगळीचं टोक जाईल एवढं. कडेचा गिलावा भुसभुशीत झालेला.

“डोंगर फोडायला आम्ही सुरुंग लावतो,” त्यात बोट घालत तो हसला. “तू काय लावलंस?”

“तिथून तुम्ही ‘येतो’ म्हणालात, की मी टाचणी काढून ठेवायची,” ती म्हणाली. “नाही आलात, की परत टोचायची.”

काम लांबलं, बदली माणूस मिळाला नाही, रस्ता बंद झाला, अशी कारणं त्याने दर वेळी फोनवर सांगितली होती. ती सगळी खरी होती.

रंगारी पात्यावर पुट्टी घेऊन आला. “भोकं बुजवून टाकू ना, काकू?”

“बुजवा,” ती म्हणाली. “माणूस आलंय आता घरी.”

रंगाऱ्याने वरची तीन भोकं हातासरशी बुजवली आणि पातं खाली आणलं. चौथ्यावरचं बोट नवरा काढेना.