सामना सुटेपर्यंत
थोरल्या नातीचं लग्न झालं त्या वर्षी बनुबाईच्या नातवाच्या कॉलेजचा फुटबॉल संघ पहिल्यांदाच अंतिम सामन्याला पोहोचला. अकरांतले पाच जण, नातू धरून, उमरठच्या तिच्याच भावकीतले. सामन्याच्या सकाळीच तिच्या नवऱ्याने, दत्तारामांनी, डोळे मिटले. बातमी कानावर पडली की सुतक लागतं. मग पाचही पोरं मैदानात उतरली नसती. बनुबाईने भावकीला फोन करू दिले नाहीत. “जाऊबाय, बांगड्या उतरवा आता,” धाकटी जाऊ म्हणाली. “सामना सुटू दे. तोवर मी सवाशीण हाय.” प्रेताजवळ ती हिरव्या बांगड्या घालून बसून राहिली. चारला फोन वाजला. “आज्जी, हरलो गो. आबांना सांगू नको, जिवाला लावून घेतील.” “नाय सांगत. पोरांना घेऊन घरी ये.” फोन ठेवून तिने दोन्ही हात उंबऱ्यावर आपटले. दत्ताराम सकाळी सातला वारले होते. भावकीने सुतक चारपासून धरलं.