पोरीच्या वाटणीचं

"पैसं नको म्हणून कळवलंय मी. पुन्यांदा लिहून घ्या, नको म्हंजे नको!"

बनुबाई बोलली सुमैराला, पण आवाज असा लावला की बेदाण्याच्या शेडमधल्या शेवटच्या बाईपर्यंत पोचावा. पोचलाही. निवडणीला बसलेल्या बायांचे हात थांबले आणि परत काड्या वेचायला लागले. कान मात्र सगळ्यांचे इकडंच.

सुमैरा मुलाणी ही जिल्ह्याच्या बालसंरक्षण कक्षातली मुलगी. सांगलीहून तासगावपर्यंत एसटीनं आणि पुढं रिक्षानं आलेली, उन्हानं नुसती लालबुंद झालेली. घरी गेली तर बनुबाई कामावर, म्हणून तशीच शेडवर आली. कुणीतरी तिला रिकामा क्रेट उपडा घालून दिला होता, त्यावर ती बसली.

"मावशी, आधी ऐकून तरी घ्या."

"काय ऐकायचं? दीपीची आई हितंच, माझ्या शेजारी बसायची. पावसाळ्यात गेली बिचारी. पोरीच्या मागं दुसरं कुणी न्हाई. मी आणली घरी, माझ्या ताटात जेवती. आता त्या जेवणाचं पैसं घिऊ व्हय? आमच्यात अन्न विकत न्हाईत!"

खरं सांगायचं तर अन्नाचं हे सगळं तोंडदेखलं. दुखणं होतं ते राजाक्काचं. दुसऱ्याचं पोर सांभाळलं तर बालसंगोपन योजनेतून महिन्याच्या महिन्याला पैसे मिळतात, हे जिच्या कानावर पहिल्यांदा गेलं ती शेजारची राजाक्का. तेव्हापासून पाणंदीत गाठ पडली की हसून विचारायची, "बनुबाई, पोरीचा पगार सुरू झाला का गं?" लोकाचं शेरडू राखणीला घेतल्यागत! बनुबाईच्या अंगाची नुसती आग व्हायची. शेवटी तिनं नवऱ्यालाही न विचारता सांगलीला फोन केला आणि पैसे नाकारून मोकळी झाली. आता राजाक्का दोन हातांच्या अंतरावर बसून बेदाणा निवडत होती आणि एक शब्दही सोडत नव्हती.

"बालकल्याण समितीचं म्हणणं असं आहे," सुमैरा म्हणाली. "तुमचं काम हंगामापुरतं. तुमचे यजमान आकारामकाका पाठीच्या दुखण्यानं घरी. वर मदतही नको म्हणता. मग मुलीचं भागवणार कशावर? सोमवारी निर्णय आहे. हे असंच राहिलं, तर दीपमालाला बालगृहात ठेवतील."

दीपी आता कुठं रात्रीची दचकून उठायची थांबली होती.

"माझ्या पोरीला कोण न्हेतंय बघती की!" बनुबाई उसळली. "मी उपाशी ऱ्हाईन, पर तिला काय कमी पडू देणार न्हाई."

"कमी पडू देत नाही? शाळेतल्या बाईंनी दिवाळीत सांगितलंय, पोरीला फळा दिसत नाही, चष्मा करा म्हणून. केला?"



"हंगामाचं पैसं हातात आलं की करायचाच हुता," बनुबाई पुटपुटली.

"मावशी, तो पैसा तुम्हाला नाहीच. दीपमालाच्या खात्यावर येणार, तिच्या वाटणीचा. तुम्ही स्वतःचं काही सोडलं नाही, तिचं सोडलंत. लोक हसतील म्हणून पोरीनं फळा बघायचा नाही होय?"

एरवी कुणी असं तोंडावर बोललं असतं, तर बनुबाईनं त्याला शेडबाहेर काढलं असतं. पण तिला दीपी दिसली, पुस्तक नाकाला लावून वाचणारी. किती मन लावून वाचती माझी बाय, म्हणून हिनंच चार जणींत कौतुक केलं होतं. बनुबाईला लाज वाटली. आपल्या मानापायी पोरीच्या डोळ्यांची आबाळ केली, दुसरं काही नाही.

ती उठली. चिकट हात लुगड्याला पुसले आणि शेडच्या मधोमध जाऊन उभी राहिली.

"ऐका गं सगळ्याजणी! पाठीमागं कुजबूज नको म्हणून आत्ताच सांगती. दीपीचं सरकारी पैसं येणार हायेत, आनि मी ते घेणार हाय. तिला चष्मा करणार, तिला शिकवणार. कुणाला पगार म्हणायचं त्येनी खुशाल पगार म्हणा. राजाक्का, तू तर म्हणच!"



"आगं बया, मी काय वंगाळ बोलली का?" राजाक्का खाली बघत म्हणाली.

बनुबाईनं तिकडं लक्ष दिलं नाही. ती सुमैराकडं वळली. "सोमवारी मी आनि मालक दोघं येतो. टेम्पोत आडवं घालून आणायला लागलं तरी आणती त्येंस्नी. पोरीला संगट आणणार आनि संगटच माघारी न्हेणार. साह्यबांस्नी तसं सांगा."

"तुम्हीच सांगा की. मी असेन तिथं," सुमैरा हसून म्हणाली आणि पदरानं वारा घालत उठली.

बनुबाई परत जागेवर येऊन बसली. बेदाण्याची पाटी पुढं ओढली. आता सगळं मिटलं असं वाटलं, पण राजाक्काला कुठलं राहवतंय!

"मॅडम, पर हे पैसं कवापतोर मिळत्यात वो?"

"अठरा वर्षांची होईपर्यंत."

"बघ!" राजाक्काला जरा धीर आला. "म्हंजी मग बंद. मग गं काय करशील, बनुबाई?"

बनुबाईनं मूठभर बेदाणा पुढ्यात पसरला आणि काड्या वेचायला लागली.

"अठराव्या वर्षी सरकार दमंल, राजाक्का. मी न्हाई."