रविवारचा प्रयोग

व्हिएन्नाच्या रंगभूमीवर आणि सिनेमांत चाळीस वर्षं गाजलेल्या हेर्टाआजी आता वेस्ट विंडसरला, मी काम करते त्या केअर होममध्ये असतात. सकाळी काय खाल्लं ते त्यांना दुपारी आठवत नाही. पण रविवारी मुलगा यायचा असला की लिपस्टिक लावून खिडकीच्या उजेडात बसतात.

"ममा, आपल्या लिओला कॉलेजात अ‍ॅडमिशन मिळाली," काल तो आपल्या मुलाबद्दल म्हणाला.

"लिओला? मिळाली?" आजींचे डोळे चमकले.

"हो, बॉस्टनला."

"बॉस्टनला? इतक्या लांब जाणार माझं पिल्लू?"

तासाभराने तो डोळे पुसत, हसत निघून गेला. मी म्हटलं, "आजी, मुलगा आला की तुम्हाला बरं सगळं आठवतं."

"तो माझा मुलगा होता?" त्यांनी शांतपणे विचारलं. "त्याला आई हवी होती, एवढं दिसलं. समोरच्याचं वाक्य शेवटपर्यंत ऐकलं की आपलं वाक्य सुचतं, सावनी."

माझं नाव मात्र त्या कधीच विसरत नाहीत, याचा मला केवढा अभिमान होता. मी युनिफॉर्मवरचा नावाचा बिल्ला हळूच हाताने झाकला.

"आजी, मी कोण?"

त्यांनी क्षणभर माझ्या डोळ्यांत पाहिलं. मग माझ्या गालावरून हात फिरवत म्हणाल्या, "आपल्या माणसाला असं विचारतात का गं?"

हात अजून बिल्ल्यावरच होता, तरी मला ते खरं वाटलं.