कोठडीतला देह

हायकोर्टात सुलभा टिपणीस पदराशी चाळा करत उभी होती. बनावट औषधांच्या खटल्यातला आरोपी असलेल्या तिच्या नवऱ्याने, हेमंतने, अटक होताच आपलं मन परदेशातल्या नव्या देहात पाठवलं होतं. जुनं शरीर श्वास घेत कोठडीत पडलं होतं. ते सोडावं म्हणून तिने बंदीप्रत्यक्षीकरणाची याचिका केली होती.

"आरोपी फरार आहे, तर कोठडीत कोण आहे?" न्यायमूर्तींनी विचारलं.

कोर्टातल्या पडद्यावरून नव्या देहातला हेमंत हसला, "ठेवून घ्या साहेब, मला नको ते."

"कोठडीत पडून पडून पाठीला जखमा झाल्यात त्याच्या," सुलभा कळवळून म्हणाली. "मला हवाय तो."

याचिका मंजूर झाली. रुग्णवाहिकेत तिने त्याला कुशीवर वळवलं, तेव्हा त्याने डोळे न उघडताच तिचा हात घट्ट धरला.