मामाचं कडं

यमुनेनं लेकीच्या मनगटातलं कडं काढलं, कळ दाबून बंद केलं आणि अंगणवाडीच्या टेबलावर ठेवलं. बारशाला मामानं घातलेलं ते कडं; त्याच्याशी जोडलेली बांगडी यमुनेच्या हातात होती. शेवंतीला भूक लागली, तहान लागली, की यमुनेच्या बांगडीत मुंगी चालल्यासारखी थरथर व्हायची, आणि लेकीनं तोंड उघडायच्या आत वाटी तिच्यापुढे असायची. "गुणाची गं पोर तुझी, रडतच नाही," असं शेजारणी म्हणायच्या, तेव्हा यमुना फुलून जायची.

आता शेवंतीला चौथं सरलं होतं, आणि तिच्या तोंडून एक शब्द फुटला नव्हता.

"कान चांगले आहेत, जीभ चांगली आहे," अंगणवाडीच्या ताई म्हणाल्या. "मागायची पाळीच आली नाही तिच्यावर. आज तिनं मागेपर्यंत पाणी द्यायचं नाही. नुसती रडली तरी पुष्कळ."

"जीव कासावीस होईल हो ताई तिचा."

"तिच्या आधी तुझा होईल. बस खाली."

तासाभरानं शेवंतीचे ओठ सुकले. माठ समोरच होता. ती आईजवळ आली आणि आपलं रिकामं मनगट तिच्या बांगडीवर घासू लागली. आधी हळू, मग जोरानं. बांगडी गप्प होती.

"एकदा आई म्हण गं, माझे बाय," यमुना रडत म्हणाली.

शेवंतीनं तिच्या तोंडाकडे पाहिलंसुद्धा नाही. ती वळून टेबलापाशी गेली, आणि ते कडं गालाशी धरून, डोळे मिटून, आई येण्याची वाट पाहत उभी राहिली.