पुढच्या रांगेतली खुर्ची

वरात लग्नाच्या लॉनच्या फाटकाशी आली तरी वत्सलाबाई तिथल्या खोलीत चष्माच पुसत बसल्या होत्या. प्रवासानं कंबर धरली होती, पाय सुजले होते. आज डोळ्यांनी दगा देऊ नये, एवढंच त्यांचं मागणं होतं.

आधी रंगभूमी, मग सिनेमा, आता मालिका. कॅमेऱ्यासमोर त्यांनी डझनावारी पोरांची लग्नं लावली. शूटिंग संपलं की अक्षता झाडून पुन्हा डब्यात जायच्या. विटल्या होत्या त्या. रंग लावण्याला, पुसण्याला, दुसऱ्यांची लेकरं कवटाळून रडण्याला.

घरचं मात्र एकही कार्य गाठता आलं नव्हतं. धाकट्या बहिणीच्या, बेबीच्या कुलदीपचं उष्टावण झालं तेव्हा नाटकाचा दौरा होता, साक्षगंधाच्या वेळी शूटिंग. यंदा लग्नाला जाणारच म्हणून त्या हटून बसल्या, तेव्हा कुठे लेखकानं मालिकेतल्या सासूला काशीला धाडलं.

"मावशी, पहिल्या रांगेत खुर्ची ठेवली तुयासाठी," वरात आत आल्यावर बाशिंग सावरत कुलदीप खोलीच्या दारातून म्हणाला. "झोपू नको तिथं!"

"झोपाले आलो का रे एवढ्या लांबून? तुयं लग्न पाहाले आलो."

"पोराचा लय जीव हाय तुमच्यावर," रामाकोना गावाहून आलेले नात्यातले म्हातारे नत्थूजी हसले. "म्हनतेच ना, माय मरो पन मावशी जगो!"

सगळे हसले. बेबी हसली नाही.

बेबीचं असंच. ताईसमोर ती कधी मोकळी व्हायची नाही. एकदाच काय त्या दोघी एकत्र राहिल्या होत्या, तीसेक वर्षांपूर्वी. वत्सलाबाई काविळीनं नागपुरात अंथरुणाला खिळल्या, हातची मोठी भूमिका गेली, आणि बेबी घरदार सोडून महिनोन्‌महिने त्यांच्या उशाशी बसली. ती परतली ती तान्ह्या कुलदीपला घेऊनच; नवससायास करून थकलेल्या बेबीला तिथल्याच डॉक्टरचा गुण आला, असं गाव अजून म्हणतं.

"चला, भटजी बोलावून राहिले," नत्थूजी म्हणाले. "बेबी तेवढी इथंच थांबन. वरमायनं अक्षता पडताना पाहू नाही. पोराच्या संसाराले नजर लागते."

असल्या रीतींवर आपला काडीचा विश्वास नाही, हे वत्सलाबाई प्रत्येक मुलाखतीत सांगत. त्यांनी मूठभर अक्षता घेतल्या.

खोली रिकामी झाली. दोघी बहिणीच उरल्या.

"जाशीनच ताई?" बेबीनं विचारलं.

"हो."

"पूनम चांगली सून भेटली," बेबी खाली बघत म्हणाली. "दोघाईचं नीट होऊ दे, बस."

बाहेर मंगलाष्टकं सुरू झाली. वत्सलाबाई दारापाशी गेल्या. तिथून मांडवातली त्यांची रिकामी खुर्ची दिसत होती, आणि अंतरपाटावरून डोकावणारं कुलदीपचं बाशिंग. आणखी दहा पावलं टाकली की सगळं डोळे भरून पाहता आलं असतं. उंबऱ्याशी त्यांचा पाय अडला. त्यांनी मान फिरवली, चष्मा काढला, आणि परत येऊन मुठीतल्या अक्षता बेबीच्या ओंजळीत ओतल्या.

"तू जा बेबी, लवकर. वरमाय इथंच बसते."